ड्रायसेनिड : एका औषधविक्रेत्याच्या नावाचे कुळ आणि भारताची बंदरे

शास्त्रीय शब्दांचे एक वैशिष्ट्य असे की त्यांचा अर्थ ग्रंथात एक असतो आणि वापरात हळूहळू दुसराच रूढ होतो. ‘ड्रायसेनिड’ हा असाच एक शब्द आहे. गेली तीन दशके अमेरिका आणि युरोपमधून येणाऱ्या वृत्तांत हा शब्द दिसतो, तो गोड्या पाण्यातील दोन उपद्रवी शिंपल्यांसाठी : झेब्रा शिंपला आणि क्वॉगा शिंपला. शहरांच्या पाणीपुरवठ्याच्या नलिका आणि वीजकेंद्रांचे शीतकरण मार्ग यांत दाटून बसणारे हे जीव भारतीय वाचकाला दूरचे संकट वाटतात. शब्दाचा मूळ अर्थ पाहिला, तर हे अंतर उरत नाही. ड्रायसेनिड कुळातील एका परक्या शिंपल्याची भारतातील नोंद १९६७ सालची आहे. अमेरिकेला झेब्रा शिंपल्याची चाहूल लागली ती त्यानंतर एकवीस वर्षांनी.

या शब्दाचा इतिहास कॅस्पियन समुद्राच्या परिसरात सुरू होतो. जर्मन निसर्गशास्त्रज्ञ पीटर सायमन पालास हा रशियाची सम्राज्ञी कॅथरीन दुसरी हिच्या काळात साम्राज्याच्या दूरवरच्या प्रदेशांचे शास्त्रीय सर्वेक्षण करीत होता. कॅस्पियन समुद्र आणि उरल नदीच्या परिसरात त्याला त्रिकोणी आकाराचा, अंगावर नागमोडी पट्टे असलेला एक लहान शिंपला आढळला. त्याचे वर्णन १७७१ साली प्रसिद्ध झाले. पालासने त्याला समुद्रातील सर्वपरिचित शिंपल्यांच्या ‘मायटिलस’ या प्रजातीत घातले आणि रूपातील विविधतेमुळे ‘पॉलिमॉर्फस’, म्हणजे ‘बहुरूपी’, असे जातिनाम दिले. बाह्य आकार पाहून केलेले हे वर्गीकरण त्या काळाला धरूनच होते.

पुढील पाऊल १८३५ साली पडले. बेल्जियमचा प्राणिशास्त्रज्ञ पियेर-जोसेफ व्हान बेनेडेन याने या प्राण्याची शरीररचना तपासली आणि तो खऱ्या मायटिलसपासून भिन्न असल्याचे ठरवून त्याच्यासाठी नवी प्रजाती निर्माण केली. तिचे नाव ‘ड्रायसेना’. हे नाव कोणा देवतेचे वा सम्राटाचे नव्हते. मास नदीकाठच्या मासेइक या लहान गावातील ड्रायसेन्स नावाच्या औषधविक्रेत्याने व्हान बेनेडेनला नमुने पुरवले होते. त्या उपकाराची ही पोच होती. पुढे या नावाची वर्णलेखने अनेक झाली. कोणी ‘ड्रायसेन्सिया’ लिहिले, कोणी स्वरांची अदलाबदल केली, आणि जुन्या ग्रंथांत एकाच प्राण्याची तीन-चार वेगवेगळी नावे दिसू लागली. शेवटी व्हान बेनेडेनचे मूळ रूपच मान्य ठरले.

१८४० साली ब्रिटिश प्राणिशास्त्रज्ञ जॉन एडवर्ड ग्रे याने या प्रजातीवरून कुलाचे नाव बांधले : ‘ड्रायसेनिडी’. प्राण्यांच्या कुलनामाअखेरीस येणारा हा प्रत्यय ग्रीक भाषेतील अपत्यवाचक प्रत्ययावरून आला आहे. संस्कृत व्याकरण जाणणाऱ्याला तो परका वाटणार नाही. कुंतीचा तो कौंतेय, दशरथाचा तो दाशरथी, तसा ड्रायसेनाच्या वंशातला तो ड्रायसेनिड. म्हणजे या शब्दाचा गाभा वंश हा आहे. पाणी गोडे की खारे, प्राणी उपद्रवी की निरुपद्रवी, याचा त्या नावाशी संबंध नाही. या कुळात आज जिवंत असलेल्या प्रमुख प्रजाती तीन मानल्या जातात. ड्रायसेना ही मुख्यतः गोड्या व मचूळ पाण्यातली, मायटिलॉप्सिस ही प्रामुख्याने खाड्यांतील मचूळ पाण्यातली, आणि कॉन्जेरिया ही बाल्कन प्रदेशातील चुनखडीच्या भूमिगत गुहांत राहणारी. गुहेतली ही कॉन्जेरिया आक्रमक तर नाहीच, उलट तिच्याच अस्तित्वाची चिंता केली जाते. ‘ड्रायसेनिड’ आणि ‘आक्रमक’ हे शब्द समानार्थी मानणे म्हणूनच चूक ठरते.

तरीही दोन्ही अर्थ एकमेकांना चिकटले, त्याला कारण घडले. अठराव्या शतकाच्या अखेरीपासून पूर्व युरोपातील नद्या कालव्यांनी जोडल्या गेल्या आणि काळ्या समुद्राकडील पाणी बाल्टिककडील पाण्याशी व्यापारमार्गाने बांधले गेले. झेब्रा शिंपला त्या मार्गाने निघाला. १८२०च्या दशकात तो लंडनच्या गोद्यांत आणि नेदरलँड्समध्ये पोहोचला होता. त्याच्या यशामागे दोन गुण होते. पहिला गुण म्हणजे बायसस धागे. ते चिवट असतात आणि त्यांच्या आधारे तो लाकूड, दगड, लोखंड अशा कोणत्याही कठीण पृष्ठभागाला चिकटतो. दुसरा गुण म्हणजे त्याचे डिंभ, अर्थात पाण्यात मुक्तपणे तरंगणाऱ्या सूक्ष्म अळ्या. गोदावरी-कृष्णेसारख्या भारतीय नद्यांतील मूळच्या लॅमेलिडेन्स शिंपल्यांचे डिंभ काही काळ माशांच्या अंगावर परजीवी म्हणून वाढतात, त्यामुळे त्यांचा प्रसार माशांवर अवलंबून असतो. ड्रायसेनाला असा मध्यस्थ लागत नाही. तिच्या प्रसाराला पाण्याचा प्रवाह किंवा जहाजात भरलेले पाणी पुरेसे होते.

१९८८ च्या जून महिन्यात उत्तर अमेरिकेतील सेंट क्लेअर सरोवरात झेब्रा शिंपला आढळला. तोल राखण्यासाठी जहाजांत जे बॅलास्ट पाणी भरले जाते, त्यातून तो महासागर ओलांडून आला असावा, हे मत सर्वत्र मान्य आहे. १९९० साली अमेरिकी काँग्रेसने परक्या जलचरांविरुद्ध कायदा केला आणि झेब्रा शिंपल्याचे नाव घालून त्याला घातक प्राण्यांत गणले. अडचण पुढे आली. ईरी कालव्यातील काही शिंपले झेब्रासारखे दिसत असले तरी आनुवंशिक तपासणीत निराळे निघाले. १९९१ साली त्यांना ‘क्वॉगा’ हे नाव मिळाले. झेब्र्याचा जो भाईबंद मानवाने शिकार करून संपवला आणि ज्याचा अखेरचा प्राणी १८८३ साली ॲमस्टरडॅमच्या प्राणिसंग्रहालयात मेला, त्या क्वॉगावरून. हा शिंपला म्हणजे १८९७ साली रशियन शास्त्रज्ञ आंद्रुसोव्ह याने बुग नदीच्या नावावरून वर्णिलेली ‘बुगेन्सिस’ होय. खोल व थंड पाण्यात आणि मऊ गाळावरही जगू शकणारा क्वॉगा अनेक ठिकाणी झेब्राला मागे टाकून गेला. संघीय कायद्यात मात्र नाव होते ते झेब्राचे. क्वॉगाला त्या यादीत आणण्यासाठी पुढे अनेक वर्षे स्वतंत्र प्रयत्न करावे लागले.

याच काळात ‘ड्रायसेनिड’ हा शब्द सर्वेक्षणाच्या अहवालांत आणि नौकातपासणीच्या नियमांत शिरला. झेब्रा आणि क्वॉगा या दोघांना एका शब्दात बांधण्याची ती सोय होती. सोयीचा शब्द लवकर रुळतो आणि रुळताना आक्रसतो. वंशवाचक शब्दाचा अर्थ ‘गोड्या पाण्यातील ते दोन शिंपले’ इतका मर्यादित झाला आणि कुळातील तिसरा प्रवासी नजरेआड गेला. भारताचा संबंध आहे तो नेमका या तिसऱ्याशी.

त्याचे नाव मायटिलॉप्सिस सॅलेई. मूळ निवास मध्य अमेरिकेचा उष्ण किनारा. १८४९ साली फ्रेंच शास्त्रज्ञ रेक्लूझ याने त्याचे वर्णन केले. प्रजातीचे नाव कॉनरॅड या अमेरिकी शास्त्रज्ञाचे. त्यातला ‘ऑप्सिस’ म्हणजे रूप. मायटिलॉप्सिस म्हणजे मायटिलससारखा दिसणारा. दिसण्यावर विसंबू नये, ही सूचना नावातच आहे. १९६७ साली हा शिंपला विशाखापट्टणम बंदरात सापडला. बंदराच्या आतल्या भागातील संथ, दूषित पाण्यात जहाजांची बुडे, तरते बोये आणि धक्क्यांचे खांब त्याच्या थरांनी झाकले गेले. गणपती, लक्ष्मण राव आणि वर्गीस यांनी १९७१ साली ‘करंट सायन्स’मध्ये त्याची माहिती दिली, ती ‘कॉन्जेरिया सॅलेई’ या नावाने. त्या काळी मायटिलॉप्सिसच्या जातींना कॉन्जेरियात गणण्याची पद्धत होती. आज केवळ आधुनिक नावाने जुने साहित्य शोधणाऱ्याच्या हाती ही पहिली नोंद लागेलच असे नाही. नाव बदलले की इतिहासही हरवू शकतो, त्याचे हे बोलके उदाहरण.

विशाखापट्टणमनंतर पाळी मुंबईची होती. ए. ए. करंदे आणि के. बी. मेनन यांनी १९७५ साली मुंबईतील या शिंपल्याचा अभ्यास मांडताना भारतीय बंदरांत आलेला नवा स्थलांतरित अशीच त्याची ओळख करून दिली. मॉर्टन या शास्त्रज्ञाने १९८१ साली विशाखापट्टणमच्या नमुन्यांवरून त्याची शरीररचना आणि जीवनक्रम तपशीलवार वर्णिला आणि त्याचे स्थान ड्रायसेना गटातच असल्याचे शीर्षकातच नोंदवले. हे सर्व अमेरिकेत झेब्रा शिंपला माहीत होण्यापूर्वीचे आहे. ड्रायसेनिड आक्रमणाचा अनुभव आणि त्याचे शास्त्र भारताजवळ आधीच होते. पुढे तो शब्द परदेशी बातम्यांतून परत आला, तेव्हा तो नवा वाटला.

योग्य नाव वेळेवर कळले तर काय साधते, हे ऑस्ट्रेलियाने दाखवले. १९९९ च्या मार्चमध्ये डार्विन शहरातील कलन बे गोदीत हाच मायटिलॉप्सिस आढळला. त्याआधी सुमारे सहा महिन्यांपूर्वीच्या पाहणीत तो तेथे नव्हता. भारतीय बंदरांतील त्याचा पूर्वेतिहास शास्त्रज्ञांना ज्ञात होता, त्यामुळे धोका किती मोठा आहे हे ओळखायला वेळ लागला नाही. दरवाजांनी समुद्रापासून वेगळ्या करता येणाऱ्या गोद्या बंद करण्यात आल्या, पाण्यात क्लोरीनयुक्त रसायन आणि मोरचूद सोडण्यात आले, आणि काही आठवड्यांत त्याचे निर्मूलन झाले. त्यात गोदीतील इतर जीवही मेले. किंमत मोठी होती. स्थिरावलेल्या सागरी आक्रमकाला समूळ हटवल्याची उदाहरणे मात्र जगात फार थोडी आहेत आणि त्यांत याची गणना होते. विशाखापट्टणम आणि मुंबईसारख्या खुल्या, सदैव वाहत्या बंदरांत ही संधी केव्हाच निघून गेली होती.

आता वर्तमान. २०१९ साली केरळच्या किनाऱ्यावरून आणखी एका परक्या शिंपल्याची भारतातील पहिली नोंद प्रसिद्ध झाली : मायटेला स्ट्रिगाटा, ज्याला चारू शिंपला म्हणतात. त्याचेही मूळ अमेरिका खंडाच्या उष्ण किनाऱ्यांवर. कोल्लमजवळच्या अष्टमुडी कायलात त्याने दाट वस्ती केली. या कायलातील शिंपल्यांच्या मासेमारीला २०१४ साली आंतरराष्ट्रीय शाश्वततेचे प्रमाणपत्र मिळाले होते आणि ते मिळवणारी ती भारतातील पहिलीच मासेमारी होती. तमिळनाडूत एन्नोरच्या खाडीतील मच्छीमार याच जीवाला ‘काका आळी’ म्हणतात. तळ झाकला जातो, कोळंबी आणि स्थानिक शिंपले मिळेनासे होतात, ही त्यांची तक्रार राष्ट्रीय हरित लवादापर्यंत पोहोचली.

काळपट, लहान, धाग्यांनी चिकटणारा, अमेरिकेतून आलेला : वर्णन दोघांनाही लागू पडते. पण मायटेला ड्रायसेनिड नाही. ती खऱ्या शिंपल्यांच्या मायटिलिडी कुळातली, म्हणजे कोकण-गोव्यात शिनाणे म्हणून आवडीने खाल्ल्या जाणाऱ्या हिरव्या शिंपल्याची नातलग. उलट मायटिलॉप्सिस शिनाण्यासारखा दिसत असला तरी वंशाने तिसऱ्यांना अधिक जवळचा आहे. खडकाला धाग्याने चिकटून राहण्याच्या एकाच गरजेपोटी दोन दूरच्या कुळांनी सारखे रूप धारण केले, इतकाच त्या साम्याचा अर्थ. ओळखण्याची खूण शिंपेच्या आत असते. टोकदार बाजूला, चोचीखाली, आतून एक लहानशी आडवी फळी दिसली तर प्राणी बहुधा ड्रायसेनिड असतो, कारण काही अपवाद सोडता मायटिलिडींत ती नसते. त्या फळीलगत आणखी एक छोटा त्रिकोणी उंचवटा असेल तर तो मायटिलॉप्सिस. ड्रायसेनात तो आढळत नाही. संशय उरल्यास डीएनएची तपासणी निर्णय देते.

हा भेद केवळ पंडितांचा नाही. कोणता जीव किती क्षारता सोसतो, पावसाळ्यात खाडीचे पाणी गोडे झाल्यावर टिकतो की मरतो, त्याचे डिंभ केव्हा तरंगतात, शिंपा बंद करून रसायनाला किती काळ दाद देत नाही, हे सारे कुळानुसार आणि जातीनुसार बदलते. चुकीच्या नावाखाली मोजलेली संख्या आणि चुकीच्या जीवाच्या अभ्यासावरून आखलेला उपाय खाडीवर पोट असलेल्या माणसाच्या उपयोगाचा नसतो. खुद्द मायटिलॉप्सिसच्या बाबतीतही प्रश्न पूर्ण सुटलेला नाही. आशियातील काही वस्त्या ‘सॅलेई’च्या नसून पनामाच्या पॅसिफिक किनाऱ्यावरील ‘ॲडम्साय’ या जातीच्या असाव्यात, असे मत थायलंडमधील अभ्यासातून पुढे आले आहे.

बॅलास्ट पाण्यासंबंधीचा आंतरराष्ट्रीय करार २००४ साली झाला आणि सप्टेंबर २०१७ मध्ये अमलात आला. पुढचा परका शिंपला कदाचित त्यामुळे अडेल, कदाचित अडणार नाही. तो आलाच, तर त्याला प्रथम पाहील तो जाळे ओढणारा मच्छीमार किंवा जहाजाचे बूड खरवडणारा कामगार. त्याच्या हातातील शिंपला प्रयोगशाळेपर्यंत किती लवकर पोहोचतो आणि तेथे त्याला खरे नाव किती लवकर मिळते, यावर पुढचे सारे ठरेल. डार्विनला हे उत्तर काही दिवसांत मिळाले. भारताच्या बंदरांना ते तितक्याच लवकर मिळेल अशी व्यवस्था उभी करणे, हा १९६७ पासून शिकण्याजोगा धडा आहे.