केसपेपरात न लिहिलेलं

२८ नोव्हेंबर १९७३ला परळच्या केईएम रुग्णालयातल्या एका घटनेचा गुन्हा नोंदला गेला: चोरी आणि खुनाचा प्रयत्न. आदल्या संध्याकाळी ड्युटी संपवून तळघरात कपडे बदलायला गेलेली परिचारिका अरुणा शानबाग सकाळी तिथेच सापडली होती. गळ्याभोवती कुत्र्याची साखळी आवळल्याने मेंदूचा रक्तपुरवठा तुटला होता. तिच्यावर लैंगिक अत्याचारही झाला होता आणि तपासणाऱ्या डॉक्टरांना ते कळलं होतं. पण अधिष्ठात्यांच्या सूचनेवरून ते नोंदीत आलं नाही.

त्या सूचनेमागे दुष्टावा होता असं कुणी म्हणत नाही. अरुणाचं लग्न ठरलं होतं. बोभाटा झाला तर मुलीचं नाव जाईल, हा त्या काळच्या चारचौघांचा विचार होता. परिणाम एवढाच झाला, की हल्लेखोर सफाई कामगारावर त्या अत्याचाराचा खटला कधी उभाच राहिला नाही. प्राणघातक हल्ला आणि चोरीसाठी त्याला सात वर्षांची शिक्षा झाली. ती भोगून तो बाहेर आला, तेव्हा अरुणा केईएमच्या चौथ्या वॉर्डालगतच्या खोलीतच होती आणि पुढे पस्तीसएक वर्षं तिथेच राहिली.

मिठबावच्या वाचकाला परळ परकं नाही. देवगड-मालवण किनाऱ्यावरच्या कितीतरी घरांतलं कुणी ना कुणी गिरणीत होतं, लालबाग-परळच्या खोल्यांत दाटीवाटीने राहत होतं. आजारी पडलं की १९२६ साली सुरू झालेलं केईएम हेच त्यांचं रुग्णालय. अरुणाही किनाऱ्यावरचीच, उत्तर कन्नडमधल्या हळदीपूरची. पिंकी विराणी यांनी तिच्यावरच्या पुस्तकात लिहिलंय, की प्रयोगशाळेतल्या कुत्र्यांसाठीचं अन्न हा कामगार चोरतो म्हणून ती त्याची तक्रार करणार होती. म्हणजे वरिष्ठांना कळवायला निघालेल्या बाईवरच हल्ला झाला, आणि तो हल्ला कळवताना वरिष्ठांनीच अर्धा गिळला.

त्याच वर्षी, मे महिन्यात, मेक्सिको सिटीत आंतरराष्ट्रीय परिचारिका परिषदेने आपली आचारसंहिता नव्याने मंजूर केली होती. सहकाऱ्यामुळे किंवा आणखी कुणामुळे रुग्णाची शुश्रूषा धोक्यात येत असेल, तर परिचारिकेने त्याच्या रक्षणासाठी योग्य ते पाऊल उचलावं, हे त्यात स्पष्ट होतं. १९५३च्या पहिल्या संहितेत डॉक्टरांचे आदेश निष्ठेने पार पाडण्यावर भर होता. तो १९७३मध्ये गळला. कागदावर तरी परिचारिकेची पहिली बांधिलकी डॉक्टरकडून रुग्णाकडे वळली.

वॉर्डात मात्र जुनी शपथच चालत होती. दिवे लावून, पांढऱ्या गणवेशात मुली जी नाइटिंगेल शपथ घेतात ती १८९३ साली अमेरिकेतल्या डेट्रॉइटमध्ये तयार झाली. स्वतः नाइटिंगेलबाईंनी ती लिहिलेली नाही. तिच्यात दोन गोष्टींवर जोर आहे: डॉक्टरांशी निष्ठा आणि रुग्णाच्या घरगुती गोष्टींची गुप्तता. दोन्ही आपल्या जागी रास्त आहेत. पण मारहाण झालेली सून समोर खाटेवर असते तेव्हा ही दोन्ही वचनं परिचारिकेच्या तोंडावर हात ठेवतात. डॉक्टरने ‘अपघात’ लिहिलं तर निष्ठा आडवी येते. नवरा खाटेशी उभा असला तर गुप्तता.

आपल्याकडे रुग्णालयातून वाचा फुटण्याची परंपरा याहून जुनी आहे, पण ती डॉक्टरांची. १८९०मध्ये, फुलमणी या कोवळ्या मुलीच्या मृत्यूने कलकत्ता हादरलेलं असताना, पन्नासहून अधिक स्त्री डॉक्टरांनी व्हाइसरॉयना अर्ज केला आणि बालवधूंच्या जखमांची प्रकरणं त्याला जोडली. मुंबईतून बेहरामजी मलबारी वर्षानुवर्षं लिहीतच होते. १८९१मध्ये संमतिवयाचा कायदा झाला आणि वय दहावरून बारावर गेलं. त्या जखमा धुणाऱ्या, रात्रभर त्या मुलींजवळ बसणाऱ्या दायांची आणि परिचारिकांची साक्ष कुणी मागितल्याचं या कथेत आढळत नाही.

बाहेरच्या जगातही ही साक्ष उशिराच कानावर घेतली गेली. वेल्समधल्या कार्डिफच्या ईली रुग्णालयात मतिमंद रुग्णांना मारहाण होते, त्यांच्या वाट्याचं खाणं कर्मचारी पळवतात, हे १९६७मध्ये उघड केलं ते एका परिचारक साहाय्यकाने. ते एका वर्तमानपत्रात छापून आलं तेव्हा कुठे चौकशी बसली. १९६९च्या अहवालाने आरोपांतला मोठा भाग खरा ठरवला.

केईएमच्या परिचारिकांनी १९७३मध्ये संप केला. अरुणाला नीट उपचार आणि आपल्याला सुरक्षित काम, या मागण्या होत्या. ऐंशीच्या दशकात महापालिकेने अरुणाला दुसरीकडे हलवायचा घाट घातला तेव्हा त्या पुन्हा उभ्या राहिल्या आणि तो बेत रद्द करायला लावला. ७ मार्च २०११ला सर्वोच्च न्यायालयाने तिच्या दयामरणाचा अर्ज फेटाळला, तो तिची शुश्रूषा करणाऱ्यांना तिचं जगणं हवं होतं या कारणासह. १८ मे २०१५ला न्यूमोनियाने ती गेली. बेचाळीस वर्षांच्या त्या शुश्रूषेचं कौतुक देशभर झालं. ते योग्यच होतं. मात्र या कौतुकाखाली पहिल्या दिवशीच्या अपुऱ्या नोंदीचा प्रश्न झाकला गेला, असं म्हणायला जागा आहे.

ऐंशीच्या दशकातल्या जळीत वॉर्डांत हाच प्रश्न रोज येत होता. ‘स्टोव्हचा भडका उडाला’ हे वाक्य पोलिसांना पाठ झालं होतं. नवरा, सासू बाजूला असेपर्यंत बाई तेच सांगायची. रात्री ड्रेसिंग बदलताना सिस्टरला वेगळं काही सांगून जायची. १९८३मध्ये सासरच्या छळाविरुद्धचं ४९८अ कलम आलं, तरी रात्रीच्या त्या शब्दांचं काय करायचं हे कुणी शिकवलं नव्हतं. कायद्याने मृत्युपूर्व जबाब कुणापुढेही देता येतो, परिचारिकेपुढेही. लक्ष्मण विरुद्ध महाराष्ट्र राज्य या खटल्यात २००२मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने सांगितलं, की रुग्ण शुद्धीवर होता हे इतर पुराव्यांनी पटत असेल तर केवळ डॉक्टरचं प्रमाणपत्र नाही म्हणून जबाब बाद होत नाही. सिस्टरच्या कानावर पडलेल्या शब्दाला वजन होतं, हे बहुतेक स्टाफ नर्सना ठाऊकच नव्हतं.

शिकवायला सुरुवात झाली ती वांद्र्यात. २००० साली ‘सेहत’ ही संस्था आणि मुंबई महापालिका यांनी के. बी. भाभा रुग्णालयात ‘दिलासा’ हे केंद्र उभारलं. रुग्णालयाच्या आत, ओपीडीसारखंच एक केंद्र, घरात मार खाणाऱ्या बायांसाठी. देशातलं अशा प्रकारचं हे पहिलं मानलं जातं. पोलीस ठाण्याची पायरी चढायला बाई कचरते, पण दवाखान्यात जायला तिला कुणी अडवत नाही, हे साधं व्यवहारज्ञान त्यामागे होतं. बाहेरचे तज्ज्ञ आणून भाषणं देण्यापेक्षा पालिकेच्याच डॉक्टर-परिचारिकांना प्रशिक्षक केलं गेलं.

त्या प्रशिक्षणातली शिकवण ऐकायला सोपी वाटते. जखम आणि तिची हकिकत जुळते का ते पाहा. पडल्यावर गुडघा, कोपर, तळहात खरचटतो. दंडाच्या आतल्या बाजूला बोटांचे वळ उठत नाहीत. विष किंवा गोळ्या घेऊन आलेल्या बाईला ‘का घेतल्या’ हे रागाने विचारू नका. तीच बाई डोकेदुखी, अंगदुखी, अशक्तपणा सांगत पुन:पुन्हा येत असेल तर केसपेपर मागे उलटून पाहा. आणि सगळ्यात महत्त्वाचं, सोबतच्याला बाहेर बसवा. वजनकाट्याच्या, इंजेक्शनच्या निमित्ताने पडद्याआडची दोन मिनिटं मिळवणं डॉक्टरला जमत नाही, सिस्टरला जमतं. मग तिच्याच शब्दांत लिहा, कुणी मारलं, कशाने, केव्हा. पुढे कुर्ल्याच्या भाभात आणि नंतर पालिकेच्या इतर रुग्णालयांत ही केंद्रं निघाली.

कायदे त्यामागोमाग आले. घरगुती हिंसाचाराचा कायदा २००६च्या ऑक्टोबरात लागू झाला. त्यात कुणीही संरक्षण अधिकाऱ्याला माहिती देऊ शकतं. १४ नोव्हेंबर २०१२ला मुलांवरच्या लैंगिक अत्याचाराविरुद्धचा पॉक्सो कायदा आला आणि त्याने ‘शकतं’चं ‘द्यायलाच हवी’ केलं. मुलावर लैंगिक अत्याचार झाल्याचं कळूनही पोलिसांना न कळवणाऱ्याला सहा महिन्यांपर्यंत कैद. २०१३पासून, लैंगिक अत्याचारग्रस्तावर मोफत उपचार करून पोलिसांना ताबडतोब कळवणं खासगी रुग्णालयांवरही बंधनकारक झालं.

पॉक्सोमधलं हे सक्तीचं कलम नुसतं कागदोपत्री नाही, याची प्रचिती चंद्रपूर जिल्ह्यातल्या राजुऱ्याने दिली. तिथल्या एका शाळेच्या वसतिगृहातल्या सतरा अल्पवयीन आदिवासी मुलींवर अत्याचार झाल्याचं २०१९मध्ये बाहेर आलं. त्यांच्यावर उपचार करणाऱ्या डॉक्टरने कळवलं नाही, असा आरोप होता. उच्च न्यायालयाने त्याच्यावरचा गुन्हा रद्द केला. २ नोव्हेंबर २०२२ला सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय फिरवला आणि न कळवणं हा गंभीर गुन्हा असल्याचं बजावलं.

सक्तीलाही दुसरी बाजू आहे. पोलिसांच्या धास्तीने गरोदर अल्पवयीन मुलगी दवाखान्यातच आली नाही तर कलमाचा उपयोग काय? म्हणून २९ सप्टेंबर २०२२च्या निकालात न्यायालयाने, अशा मुलीचा गर्भपात करताना तिने आणि पालकांनी विनंती केल्यास नाव उघड न करण्याची मुभा डॉक्टरांना दिली.

मिठबावात हा प्रश्न वेगळ्या चालीने येतो. इथे दिलासा केंद्र नाही; प्राथमिक आरोग्य केंद्र, त्याखालची उपकेंद्रं, एएनएम आणि आशाताई आहेत. पुढे देवगड, कणकवली आणि ओरोसचं जिल्हा रुग्णालय. मनोरुग्ण असला तर ब्रिटिश अमदानीतल्या रत्नागिरीच्या मनोरुग्णालयाची वाट. २०१७च्या मानसिक आरोग्य कायद्याने रुग्णाला साखळीने बांधण्यावर बंदी घातली. घरात बांधून ठेवलेला माणूस मात्र सगळ्यांत आधी दिसतो तो घरभेटीला गेलेल्या नर्सबाईंना. सिंधुदुर्गची लोकसंख्या २०११च्या जनगणनेत आधीपेक्षा घटली होती आणि दर हजार पुरुषांमागे १,०३६ स्त्रिया होत्या. मुलगे मुंबईला आणि वाडीत एकट्या म्हाताऱ्या, हे त्या आकड्यांमागचं घर. औषधं संपलेली, पाठीला खाटेचे व्रण, पेन्शनचं पासबुक दुसऱ्याकडे. विचारलं तर उत्तर ठरलेलं: “पडलंय गे बाय, पाय घसारलो.”

शहरातल्या सिस्टरला रुग्णाचं घर माहीत नसतं. इथल्या नर्सबाईंना घर, भाऊबंदकी, जमिनीचा वाद, सगळं माहीत असतं, आणि उद्या त्याच दारात लसीकरणाला जायचं असतं. तिने एकटीने कळवायचं म्हणजे तिच्यावरच सगळा रोष. हा भार वैद्यकीय अधिकाऱ्याने सहीनिशी उचलायला हवा आणि ग्रामपंचायतीने तिच्या मागे उभं राहायला हवं. नाहीतर १९७३चाच कित्ता गिरवला जाईल, फक्त तळघराऐवजी ओसरीवर.

कळवायचे फोन क्रमांक असे: मुलांसाठी १०९८, महिलांसाठी १८१, ज्येष्ठांसाठी १४५६७ आणि तातडीला ११२. सद्हेतूने कळवणाऱ्याला पॉक्सो आणि घरगुती हिंसाचाराचा कायदा, दोन्हींत संरक्षण आहे, मग ती नर्स असो की शेजारीण. हे चार आकडे आपल्या उपकेंद्राच्या भिंतीवर लागले आहेत का, ते पुढच्या वेळी औषधाला जाल तेव्हा पाहा. नसतील तर ग्रामसभेत विचारा.