ललिता पवार

ललिता पवार (जन्म: १८ एप्रिल १९१६, येवला, नाशिक जिल्हा, मृत्यू: २४ फेब्रुवारी १९९८, पुणे) या मराठी व हिंदी चित्रपटसृष्टीतील चरित्र अभिनेत्री होत्या. त्यांचे मूळ नाव अंबा असे होते. खाष्ट सासूच्या भूमिकांमुळे त्या घराघरांत ओळखल्या जात असल्या, तरी ती ओळख त्यांच्या कामाचा एक भागच दाखवते.

== कारकीर्द ==

१९२८ साली मूकपटातून बालकलाकार म्हणून त्यांनी पदार्पण केले. पुढे त्या नायिका झाल्या. ‘कैलाश’ (१९३२) या मूकपटाच्या निर्मितीतही त्यांचा वाटा होता. टॉलस्टॉयच्या ‘पुनरुत्थान’ या कादंबरीवर आधारलेला ‘दुनिया क्या है’ (१९३८) आणि वि. स. खांडेकरांची कथा असलेला ‘अमृत’ (१९४१) हे त्यांचे या काळातील उल्लेखनीय बोलपट.

१९४२ मध्ये ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणात अभिनेते भगवान यांनी प्रसंगानुरूप लगावलेली थप्पड जोरात बसली. परिणामी त्यांच्या चेहऱ्याच्या एका बाजूला पक्षाघात झाला, दीर्घ उपचार घ्यावे लागले आणि डाव्या डोळ्यातील दोष कायमचा राहिला. नायिकेच्या भूमिकांचा मार्ग ऐन उमेदीत बंद झाला. चरित्र भूमिकांकडे वळताना त्यांनी हाच बारीक झालेला डोळा कपटी पात्रांच्या नजरेसाठी प्रभावीपणे वापरला.

प्रभातच्या ‘रामशास्त्री’ (१९४४) या ऐतिहासिक चित्रपटात त्यांनी ‘ध’चा ‘मा’ करणारी आनंदीबाई साकारली. व्ही. शांताराम यांच्या ‘दहेज’ (१९५०) या हुंड्याच्या प्रश्नावरील चित्रपटापासून त्यांची छळवादी सासू रूढ झाली. मात्र राज कपूर यांच्या ‘श्री ४२०’ (१९५५) मध्ये मुंबईच्या पदपथावर केळी विकणारी गंगामाई त्यांनी तितक्याच सहजतेने उभी केली. बिमल रॉय यांच्या ‘सुजाता’ (१९५९) मध्ये त्या जातीचा अभिमान बाळगणाऱ्या वृद्धेच्या भूमिकेत होत्या.

हृषीकेश मुखर्जी यांनी त्यांच्यातील माया सर्वाधिक ओळखली, असे म्हणावे लागेल. ‘अनाडी’ (१९५९) मधील घरमालकीण मिसेस डिसा तोंडाने फटकळ, पण बेकार भाडेकरूवर मुलासारखा जीव लावणारी आहे. सदोष औषधाने तिचा मृत्यू होतो आणि तिथूनच कथेला गंभीर वळण मिळते. साहाय्यक पात्र वजा केल्यास ही कथा उभीच राहत नाही. या भूमिकेसाठी त्यांना सर्वोत्कृष्ट साहाय्यक अभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. ‘मेमदीदी’ (१९६१) मध्ये शीर्षक भूमिका त्यांच्याकडे होती. ‘आनंद’ (१९७१) मध्ये त्या रुग्णालयातील मेट्रन झाल्या, आणि तिचेही आडनाव डिसाच होते.

विनोदासाठी त्यांना वेगळा मुखवटा चढवावा लागला नाही. ‘जंगली’ (१९६१) मध्ये घरात हसण्यावर बंदी घालणारी आई आणि ‘प्रोफेसर’ (१९६२) मध्ये वृद्धाचे सोंग घेतलेल्या शम्मी कपूरवर भाळणारी करारी आत्या, या दोन्ही भूमिकांत त्यांचा नेहमीचा कडकपणाच हास्य निर्माण करतो.

‘संपूर्ण रामायण’ (१९६१) या पौराणिक चित्रपटात त्यांनी मंथरा केली होती. रामानंद सागर यांच्या ‘रामायण’ (१९८७) या दूरदर्शन मालिकेत हीच भूमिका पुन्हा त्यांच्याकडे आली. मूकपटांचा काळ न पाहिलेली पिढी त्यांना मुख्यतः या मंथरेमुळेच ओळखते.

== सन्मान ==

१९६१ साली त्यांना संगीत नाटक अकादमी पुरस्काराने गौरविण्यात आले.