आधी चित्र, मग घर

गोंदियातून आमगावच्या किंवा तिरोड्याच्या रस्त्याला लागलं की नवी घरं एकमेकांची भावंडं वाटू लागतात. राखाडी-पांढरे पट्टे, लाकडाचा भास देणारे पत्रे, जाळीची नक्षी, कडेला एलईडीची रेघ. यातल्या कित्येकांचा पाया खणला जाण्याआधीच त्यांचा दर्शनी भाग मोबाइलवर फिरलेला असतो. त्या चित्राला सगळे ‘थ्रीडी’ म्हणतात.

जुन्या घराला असं चित्र लागत नव्हतं. धान कुठे साठवायचं, बैल कुठे बांधायचे, पाऊस कुठून झोडपतो, एवढ्यावर घर ठरे. मातीच्या जाड भिंती, कवेलूंचं उतरतं छप्पर, पुढे सपरी. नकाशा थेट जमिनीवर. मिस्त्री खुंट्या ठोकून दोरी ताणायचा, फक्कीची रेघ मारायचा आणि घरमालक त्या रेघांमध्ये उभा राहून खोली मोठी की लहान ते सांगायचा.

कागदाचा नकाशा ही बराच काळ सरकारी आणि रेल्वेच्या कामातली गोष्ट. जॉन हर्शेल या खगोलशास्त्रज्ञाने १८४२मध्ये शोधलेल्या प्रक्रियेतून निळ्या पार्श्वभूमीवर पांढऱ्या रेघांची प्रत निघाली. पुढे नाकात झोंबणारी अमोनिया प्रिंट आली. सामान्य माणसाला ती लागे परवानगीसाठी किंवा कर्जासाठी. वाचता मात्र येत नसे. संगणकावर नकाशे काढणाऱ्या १९८२च्या ऑटोकॅडनेही फक्त पेन्सिल बदलली.

खरी उडी स्केचअपची. २००० साली आलेलं हे सॉफ्टवेअर गूगलने २००६मध्ये घेतलं आणि त्याची एक आवृत्ती फुकट वाटली. २०१०मध्ये ल्युमिऑन आलं; त्याने झाडं, माणसं, दारातली गाडी, संध्याकाळचा उजेडही पुरवला. मालकाला आपलं घर प्रथमच आधी दिसलं. ही कमाई छोटी नाही. पण त्या चित्रात पाऊस क्वचितच पडतो. पाण्याची टाकी नसते, वायरी नसतात. छज्जा रूप बिघडवतो म्हणून आखूड होतो, आणि पूर्व विदर्भाच्या एक-दोन पावसाळ्यांत पॅरापेटखालून काळे ओघळ उतरतात, खिडकीच्या कोपऱ्यात ओल धरते. मग वरून प्लास्टिकची ताडपत्री. थ्रीडीत ती कुणी दाखवली नव्हती.

सप्टेंबर २०१६मध्ये जिओ आलं आणि डेटा स्वस्त झाला. आता इंदूर-हैदराबादकडच्या बंगल्याचा फोटो इंजिनिअरपुढे धरून ‘हेच पायजे’ म्हणता येतं. प्लॉट तीस फुटी, बंगला साठ फुटी, जुळवायचं इंजिनिअरने.

त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये प्रधानमंत्री आवास योजना-ग्रामीण सुरू झाली. किमान २५ चौरस मीटरचं घरकुल. तिथे थ्रीडीची चैन नाही, पण चित्रापासून सुटकाही नाही. जुनं घर, नवी जागा, मग बांधकामाचे टप्पे. प्रत्येकाचा स्थळ-वेळेसह फोटो अ‍ॅपवर चढवायचा. देवरी-सालेकशाच्या गावातलं घरकुलही त्याला अपवाद नाही. बंगल्याचं चित्र घराच्या आधी येतं, घरकुलाचं मागून, आणि पुढचा हप्ता त्या फोटोवर ठरतो.