वहिवाटीचा हक्क (भूसंपादनातील)
शासनाने प्रकल्पासाठी जमीन घेतल्यावर लगतच्या शेतकऱ्यांना शेतात ये-जा करण्यासाठी कायद्याने मिळणारे संरक्षण.

उगम : भारतीय सुविधाधिकार अधिनियम, 1882 नुसार खाजगी जमिनीवर 20, तर सरकारी जमिनीवर 30 वर्षांच्या अखंड वापराने हा हक्क सिद्ध होतो (पहा : सुविधाधिकार).

स्वरूप : संपादित जमीन बोजारहित होऊन शासनाकडे जाते, मात्र 2013 च्या भूसंपादन कायद्यात वहिवाटदारही ‘हितसंबंधित व्यक्ती’ असून त्यास 60 दिवसांत हरकत घेता येते. शेताचे तुकडे पडल्याचे नुकसान मोबदल्यात धरतात (पहा : भूसंपादन). राष्ट्रीय महामार्ग अधिनियम, 1956 मध्ये सुविधाधिकाराच्या हानीबद्दल जमिनीच्या निर्धारित रकमेच्या 10 टक्के भरपाई आहे. रेल्वे अधिनियम, 1989 (कलम 16) लगतच्या जमीनधारकांसाठी आवश्यक ओलांडमार्ग, पूल व मोऱ्या बांधण्याचे बंधन घालतो. बांधावरील रस्त्याचा निर्णय महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 (कलम 143) नुसार, तर अडवलेला रस्ता खुला करण्याचा आदेश मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906 नुसार तहसीलदार देतात (पहा : शिवरस्ता).

महत्त्व : सुरत–धुळे–जळगाव–नागपूर महामार्ग आणि जळगाव–उधना लोहमार्ग खानदेशातील शेतशिवारांतून जातात. कापूस व केळीची वाहतूक गाडीवाटांवर अवलंबून असल्याने संपादनापूर्वीच्या संयुक्त मोजणीच्या वेळीच या वाटा नकाशावर नोंदवणे आवश्यक ठरते (पहा : खानदेश).