मुफस्सल : एका विशेषणाची गोष्ट

इंग्रजी भाषेत एक विशेषण आहे, 'मोफसिल'. लंडनमधल्या एखाद्या सुशिक्षित माणसाला त्याचा अर्थ विचारला, तर तो बहुधा गोंधळून जाईल. पण कोलकाता, चेन्नई, मुंबईच्या इंग्रजी कागदपत्रांत हा शब्द दोनशे वर्षांहून अधिक काळ वावरतो आहे. मोफसिल टाऊन, मोफसिल कोर्ट, मोफसिल वार्ताहर. अर्थ काय, तर राजधानीच्या बाहेरचा, आडभागातला. आमच्या पूर्णेला इंग्रजीच्या एका शब्दात बसवायचे झाले, तर जाणकार माणूस हाच शब्द काढील.

शब्द मात्र इंग्रजांचा नव्हे. मूळ अरबी. तिथून तो फारसीत आला, फारसीतून मोगलांच्या दप्तरात आणि उर्दूत, आणि दप्तरातून कंपनीच्या साहेबांच्या तोंडी गेला. उर्दूत त्याचा उच्चार 'मुफस्सल'. माझ्यासारख्या घरात दखनी बोलणाऱ्या आणि कागदावर मराठी लिहिणाऱ्या माणसाला गंमत वाटते ती इथे. आमच्या घरात मुफस्सल म्हणजे आडगावचा, असे कधी कोणी म्हटले नाही. लग्नाहून परतलेल्या माणसाला घरातल्या बायका म्हणायच्या, 'मुफस्सल बोलो.' म्हणजे सगळे सविस्तर सांगा. कोण आले होते, काय शिजले होते, कोण रुसले होते. एकच शब्द, पण घरात त्याचा अर्थ 'तपशीलवार' आणि इंग्रजीत 'दूरचा, बाजूचा'. हे कसे झाले, ते आज पाहू.

अरबी शब्दांच्या मुळाशी बहुधा तीन अक्षरे असतात. इथली तीन आहेत फ, स आणि ल. मूळ अर्थ वेगळे करणे, तोडून बाजूला काढणे. या एका मुळाची पोरे मराठीत चांगली नांदत आहेत. खऱ्याखोट्याची फारकत करतो तो 'फैसला'. वर्षाचा एक तुकडा, एक हंगाम, म्हणजे 'फस्ल'. त्यावरून पिकाला 'फसल' आणि महसुलाच्या वर्षाला 'फसली' साल. मराठवाड्यातल्या जुन्या जमिनीच्या कागदांवर फसली सन सर्रास दिसतो. दोन ठिकाणांतले अंतर म्हणजे 'फासला', तो आपल्याला गझलांतून आणि सिनेमाच्या गाण्यांतून ठाऊक आहे. आणि सर्वांत ओळखीचा शब्द, 'तपशील'. अरबीतला 'तफसील' मराठीच्या जिभेवर येऊन तपशील झाला. एकेक बाब सुटी करून मांडणे, म्हणजे तफसील. आणि अशी मांडलेली गोष्ट, म्हणजे मुफस्सल. मुफस्सल हा आपल्या तपशिलाचा सख्खा भाऊ आहे. कुराणातल्या एकेचाळिसाव्या सूरेचे नावही याच मुळाचे आहे, 'फुस्सिलत'. म्हणजे जे उलगडून सांगितले आहे ते.

शिवाजी महाराजांनी राज्यव्यवहारकोश करवून घेतला. दरबारातल्या फारसी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द देण्याचा तो मोठा प्रयत्न होता. तरी तपशील राहिला, फैसला राहिला. लोकांच्या रोजच्या व्यवहारात मुरलेले शब्द हुकमाने जात नाहीत.

जुन्या दप्तरी भाषेत हिशेबाचे दोन प्रकार होते. 'मुजमल' म्हणजे गोळाबेरीज आणि 'मुफस्सल' म्हणजे कलमवार. दुसरी एक जोडी होती, 'सदर' आणि मुफस्सल. सदर म्हणजे मूळ अरबीत छाती, त्यावरून पुढचा, मानाचा भाग. वाड्याची सदर आपल्याला माहीत आहे. सदर बाजार माहीत आहे. वर्तमानपत्रातल्या नेहमीच्या मजकुरालाही आपण सदर म्हणतो. तर सदर हे मुख्य ठाणे आणि तिथून वेगळा काढलेला, वाटून दिलेला जो मुलूख, तो मुफस्सल.

१७६५ साली ईस्ट इंडिया कंपनीला बंगालची दिवाणी मिळाली. १७७२ मध्ये वॉरन हेस्टिंग्जने न्यायव्यवस्थेची नवी घडी बसवली. प्रत्येक जिल्ह्यात 'मुफस्सल दिवाणी अदालत' आणि तिच्यावर अपील ऐकायला कलकत्त्यात 'सदर दिवाणी अदालत'. महसुलातही हीच विभागणी होती. जमीनदार रयतेकडून जे वसूल करी ती मुफस्सल जमा आणि सरकारात जे भरी ती सदर जमा. दोन्हींच्या मधले अंतर जमीनदाराच्या पदरात पडे. रयतेने प्रत्यक्षात किती दिले, हे कळायचे तर मुफस्सल हिशेबच पाहावा लागे. सदरेच्या आकड्यावरून ते कळत नसे. हे लक्षात ठेवा, कारण या शब्दाचे सगळे मर्म इथे आहे.

साहेबाने शब्द उचलला आणि त्यातला तपशील गाळून टाकला. राहिले ते फक्त अंतर. १८८६ साली यूल आणि बर्नेल या दोघांचा 'हॉब्सन-जॉब्सन' हा प्रसिद्ध कोश निघाला. हिंदुस्थानातल्या इंग्रजांच्या बोलीत शिरलेल्या देशी शब्दांचा तो संग्रह. त्यात या शब्दाविषयी एक मार्मिक निरीक्षण आहे. कलकत्त्यात बसलेला माणूस मोफसिल म्हणतो तेव्हा कलकत्त्याबाहेरचा सगळा बंगाल त्याच्या मनात असतो. पण बनारसमधला माणूस मोफसिलमध्ये जातो असे म्हणतो, तेव्हा तो बनारस शहर सोडून आसपासच्या मुलखात निघालेला असतो. म्हणजे या विशेषणाला स्वतःचा पत्ता नाही. बोलणारा कुठे बसला आहे, यावर ते ठरते.

आपल्याकडे लावून पाहा. मुंबईच्या माणसाला छत्रपती संभाजीनगर मोफसिल. तिथल्या माणसाला परभणी मोफसिल. परभणीच्या माणसाला पूर्णा. आणि आम्ही पूर्णेकर तरी काय कमी आहोत? ताडकळसचा, चुडाव्याचा माणूस बाजाराला आला की आम्हीही त्याला 'खेड्यावरचा' म्हणून मोकळे होतो. प्रत्येकाच्या खाली कोणीतरी मुफस्सल आहे. स्वतःला मुफस्सल म्हणणारा मात्र सहसा भेटत नाही.

भेटला तो एक ऑस्ट्रेलियन. जॉन लँग त्याचे नाव. १८१६ साली सिडनीजवळ जन्मलेला, पेशाने बॅरिस्टर. १८४५ मध्ये त्याने कलकत्त्यात वर्तमानपत्र काढले आणि नाव ठेवले 'मोफसिलाइट', म्हणजे मुफस्सलवाला. पुढे ते त्याने अंबाला आणि मीरत इथून चालवले. राजधानीतल्या साहेबांना झोंबेल असे लिहिण्यात त्याला आनंद वाटे. हाच लँग १८५४ साली झाशीला गेला, आपल्या लक्ष्मीबाईंच्या बोलावण्यावरून. तांब्यांच्या घरची ही मराठी मुलगी तेव्हा दत्तक नामंजूर झाल्यामुळे संस्थान गमावून बसली होती. कंपनीकडे दाद मागण्याच्या कामी तिला या वकिलाचा सल्ला हवा होता. उपयोग झाला नाही. पण आपली झाशी देणार नाही, हे राणीचे जे वाक्य शाळेतल्या पोरापोराला पाठ आहे, ते आपल्याला लँगच्या १८५९ च्या प्रवासवर्णनामुळे माहीत आहे. कंपनीच्या फायलीत झाशी एका ओळीत संपली होती. राणीचा आवाज, पडद्याआडचे तिचे बोलणे, दत्तक मुलगा, भेटीची रात्र, हा तपशील एका मुफस्सलवाल्याने लिहून ठेवला.

कायद्यातही हा भेद मुरला. मुंबईत १८२४ साली राजाचे सुप्रीम कोर्ट सुरू झाले. शहराबाहेर मात्र कंपनीच्या अदालती आणि १८२७ ची एल्फिन्स्टनची संहिता. एकाच इलाख्यात दोन न्याय. १८६२ मध्ये हायकोर्ट आले आणि दोन्ही धारा एकत्र झाल्या, पण खुणा राहिल्या. मालमत्ता हस्तांतरणाचा १८८२ चा कायदा आजही चालू आहे. मालमत्तेचे कागद नुसते हवाली करून गहाण करण्याची सोय त्यात कोलकाता, चेन्नई, मुंबई या शहरांना नाव घेऊन दिली आहे. बाकीच्या शहरांना ती सरकारने अधिसूचना काढली तरच मिळते.

बंगालीत हा शब्द इतका रुळला की तो 'मफस्वल' असा लिहितात, पाहणाऱ्याला संस्कृतच वाटावा. बांगलादेशच्या वृत्तपत्रांत मफस्वल वार्ताहर असतात. चेन्नईत २००२ साली कोयंबेडूला बाहेरगावच्या गाड्यांसाठी मोठे बसस्थानक बांधले, त्याचे नावच 'चेन्नई मोफसिल बस टर्मिनस' ठेवले. २०१८ मध्ये ते नाव बदलले.

मराठवाड्याची गोष्ट जरा निराळी. आमच्यावर १९४८ पर्यंत निजामाचा अंमल होता. तिथल्या सरकारी उर्दूत हैदराबाद शहराला 'बल्दा' म्हणत आणि बाकीच्या जिल्ह्यांना 'अजला'. कलेक्टर नव्हता, अव्वल तालुकदार होता. शब्द वेगळे, रीत तीच. बल्द्याला सगळे मिळे, अजलाने पाठवायचे. मनमाड ते सिकंदराबाद मीटरगेज लोहमार्ग विसाव्या शतकाच्या आरंभी झाला, पुढे हिंगोलीचा फाटा फुटला आणि पूर्णा जंक्शन झाली. कापूस, ज्वारी आणि माणसे इथून निघाली. हुकूम आणि बदल्या इथे उतरल्या.

पण आडभागातून फक्त कापूस जातो, असे कोणी समजू नये. वली हा औरंगाबादचा कवी. दिल्लीच्या शायरांना त्या काळी फारसीशिवाय कविता संभवत नाही असे वाटे. वली १७०० च्या सुमारास दिल्लीला गेला. पुढे त्याचा दिवान तिथे पोहोचला, आणि बोलीतल्या भाषेतही थोर कविता होऊ शकते हे राजधानीला उमगले. दिल्लीच्या उर्दू कवितेने पुढे जो डौल मिरवला, त्याचे बीज दख्खनच्या मातीतून गेले होते.

मराठीतले उदाहरण तर घरचेच. बी. रघुनाथ, म्हणजे भगवान रघुनाथ कुलकर्णी. परभणी जिल्ह्यातल्या सातोन्याला १९१३ मध्ये जन्मले, १९५३ मध्ये परभणीत गेले. उर्दूचे राज्य, नोकरी बांधकाम खात्यातली, पुण्या-मुंबईचे वाङ्मयीन जग कोसो दूर. अशात त्यांनी कविता, कथा, कादंबऱ्या लिहिल्या. त्यांच्या एका कादंबरीचे नाव 'आडगावचे चौधरी' आहे. मोफसिल या विशेषणाला आडगावाइतका चोख मराठी शब्द मला तरी दुसरा सुचत नाही.

माझ्याही वाट्याला हे विशेषण आले आहे. एका मोठ्या शहरातल्या संपादकांनी मला एकदा पत्राने कळवले की, तुमच्या रेल्वेच्या कविता नकोत, ग्रामीण काहीतरी पाठवा. शेत, विहीर, पाऊस असे. आता पूर्णेच्या माणसाने इंजिनावर लिहायचे नाही, तर कशावर लिहायचे? मीटरगेजच्या काळात इथे इंजिनांचे शेड होते. शिट्टीवर लोकांची घड्याळे चालत. पण त्या संपादकांपाशी आडगावची एक गोळाबेरीज तयार होती आणि माझा तपशील तिच्यात बसत नव्हता. मी त्यांना दोष देत नाही. सदरेवर बसले की नजर अशीच होते.

नुकसान मात्र खरे असते. २०२३ साली राज्य सरकारने निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली आणि मराठवाड्यातल्या कुणबी नोंदींसाठी निजामकाळचे दप्तर उघडले. त्या प्रश्नाच्या राजकारणात मी शिरत नाही. मला दिसले ते एवढेच की कागद उर्दूत आणि मोडीत होते, आणि वाचणारी माणसे शोधावी लागली. पंचाहत्तर वर्षे ज्या बस्त्यांना कोणी विचारले नाही, त्यांत कोणाच्या तरी आजोबा-पणजोबांची नावे होती. शेतकऱ्याला हे आधीपासून ठाऊक आहे. जमिनीचा वाद निघाला की तो १९५४ च्या खासरा पाहणीपत्रकाची नक्कल काढायला धावतो. त्याचा हक्क जिल्ह्याच्या एकूण आकड्यात नसतो, गट, क्षेत्र आणि नाव लिहिलेल्या त्या एका ओळीत असतो.

म्हणून मला वाटते, साहेबाने दिलेला अर्थ साहेबाला परत करावा आणि आपण मूळ अर्थ घ्यावा. राजधानी ही मुजमल, म्हणजे बेरीज. ती आवश्यक आहे, बेरजेवाचून राज्य चालत नाही. पण बेरीज बरोबर आहे की चूक, हे ज्यावरून पडताळता येते तो कलमवार हिशेब आडगावांत असतो. पूर्णा म्हटले की लोक विचारतात, कुठली पूर्णा? विदर्भातून जाऊन तापीला मिळते ती, की मराठवाड्यातून येऊन गोदावरीला मिळते ती? प्रश्न योग्य आहे. त्याचे उत्तर आपण द्यायचे असते, आणि ते सविस्तर द्यायचे असते. आपल्या गावातल्या म्हाताऱ्यांना विचारून घ्या, शेडमधल्या हत्यारांची नावे, बाजारातली मापे, विहिरींची आणि वाड्यांची नावे, कोण कुठून आले ते. वहीत लिहून ठेवा. राजधानीतून ते कोणी लिहायला येणार नाही, आणि आले तरी त्यांना विचारावे लागेल ते आपल्यालाच.

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित अंश)