अनुकंपा नियुक्ती : अस्थायी सेवा कायम केव्हा होते?

शासकीय कर्मचाऱ्याचे सेवेत असताना निधन झाले, किंवा वैद्यकीय कारणाने त्याला मुदतीपूर्वी निवृत्त व्हावे लागले, तर त्याच्यावर अवलंबून असलेल्या एका कुटुंबीयाला अनुकंपा तत्त्वावर नोकरी देता येते. मात्र अशी नोकरी मिळालेल्या काही जणांची सेवा दीर्घकाळ अस्थायी, रोजंदारी किंवा ठोक मानधनाच्या स्वरूपातच राहते. ही सेवा कायम होण्याचा प्रश्न त्यांच्या नेमणुकीच्या मूळ स्वरूपाशी निगडित आहे.

केंद्राची योजना

केंद्र शासनाने ९ ऑक्टोबर १९९८ रोजी या विषयावरील सर्व सूचना एकत्रित केल्या. त्यानुसार अनुकंपा नियुक्ती नियमित स्वरूपातच आणि नियमित पद रिक्त असेल तरच करावयाची असते. सरळसेवा भरतीच्या रिक्त पदांपैकी कमाल ५ टक्के पदे यासाठी वापरता येतात. ही मर्यादा त्या वेळी गट ‘क’ आणि गट ‘ड’ या दोन्ही संवर्गांना होती. सहाव्या वेतन आयोगानंतर गट ‘ड’ची पदे गट ‘क’मध्ये समाविष्ट झाली. रेल्वे आणि राज्य शासनांचे नियम स्वतंत्र आहेत.

याच योजनेत आणखी एक तत्त्व नमूद आहे. एकदा नेमणूक झाली की अनुकंपेचे कारण संपले असे मानले जाते. त्या व्यक्तीला त्याच आधारावर दुसरे, वरचे पद मागता येत नाही. पुढील प्रगती तिने इतर सहकाऱ्यांप्रमाणेच साधावयाची असते. अनुकंपा हे सेवेत येण्याचे द्वार आहे. आत आल्यानंतरचा दर्जा मात्र इतरांसारखाच असावयास हवा, असा याचा अर्थ होतो.

अस्थायी राहण्याची किंमत

केंद्रीय सेवेतील अस्थायी कर्मचाऱ्याची सेवा १९६५ च्या नियमांनुसार एक महिन्याची सूचना देऊन समाप्त करता येते. ज्या घराला सावरण्यासाठी नोकरी दिली, त्याच घराचा आधार यामुळे पुन्हा अनिश्चित होतो. अलाहाबाद उच्च न्यायालयाच्या खंडपीठाने १९९९ मध्ये हाच मुद्दा ग्राह्य धरला. उत्तर प्रदेशच्या १९७४ च्या नियमांखालील अनुकंपा नियुक्ती कायम स्वरूपाचीच मानली पाहिजे. ती अस्थायी मानल्यास नियमांचा मूळ हेतूच विफल होईल, असा निर्वाळा खंडपीठाने दिला.

सेवा नियमित होण्याच्या तारखेलाही महत्त्व आहे. १ जानेवारी २००४ पासून केंद्रीय सेवेत (सशस्त्र दले वगळून) नव्याने रुजू होणाऱ्यांना नवी अंशदायी निवृत्तिवेतन योजना लागू झाली. त्यामुळे नियमित सेवेचा प्रारंभ कोणत्या दिवसापासून धरला जातो, यावर वृद्धापकाळातील उत्पन्न अवलंबून असू शकते.

न्यायालयांची भूमिका

सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मधील उमेशकुमार नागपाल प्रकरणात अनुकंपा नियुक्ती हा वारसाहक्क नसून, अकस्मात ओढवलेल्या आर्थिक संकटातून कुटुंबाला सावरण्यासाठी केलेला अपवाद आहे, असे स्पष्ट केले. १० एप्रिल २००६ रोजी उमादेवी प्रकरणात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने, केवळ दीर्घ सेवेमुळे कायम होण्याचा हक्क मिळत नाही, असा निर्णय दिला. मात्र मंजूर रिक्त पदावर, आवश्यक पात्रतेसह, न्यायालयीन आदेशाच्या आधाराविना दहा वर्षे किंवा अधिक काळ काम केलेल्या, पण अनियमित रीतीने नेमलेल्या कर्मचाऱ्यांचा एकवेळची बाब म्हणून विचार करण्यास घटनापीठाने सांगितले.

पुढे २० डिसेंबर २०२४ रोजी केंद्रीय जल आयोगातील सफाई व बागकाम करणाऱ्या कर्मचाऱ्यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने त्यांच्या सेवा नियमित करण्याचा आदेश दिला. दीर्घकाळ राबलेल्यांचे न्याय्य दावे फेटाळण्यासाठी उमादेवी निकालाची ढाल करू नये, असा या निकालाचा आशय आहे. हे कर्मचारी अनुकंपा तत्त्वावरील नव्हते. तथापि, नियमानुसार झालेली अनुकंपा नियुक्ती खुल्या स्पर्धेला मान्य असलेला अपवाद असल्याने, अशा कर्मचाऱ्याला ‘मागील दाराने आलेला’ म्हणता येत नाही.

कर्मचाऱ्यांनी काय पाहावे?

पहिली बाब नियुक्ती आदेशाची. तो अनुकंपा योजनेखाली आणि मंजूर पदावर दिलेला आहे का, हे तपासावे. दुसरी बाब पात्रतेची. केंद्रीय सेवेत किमान शैक्षणिक पात्रता नसलेल्या उमेदवाराला ती प्राप्त होईपर्यंत प्रशिक्षणार्थी म्हणून घेता येते. बहुकार्य कर्मचारी पदावर नेमलेल्या विधवेला, ती पदाचे काम समाधानकारकपणे करू शकत असल्यास, शैक्षणिक पात्रतेतून सूट मिळते. टंकलेखन चाचणीबाबत सर्वसाधारण आदेशच लागू असतात. तिसरी बाब स्थायीकरणाची. २८ मार्च १९८८ च्या आदेशाने केंद्रात स्थायीकरणाचा कायम पद रिक्त असण्याशी असलेला संबंध तोडण्यात आला. त्यामुळे ‘कायम पद उपलब्ध नाही’ हे नियमित कर्मचाऱ्याचे स्थायीकरण रोखण्याचे कारण उरत नाही.

सेवा कायम झाली तरी एक जबाबदारी राहते. दिवंगत कर्मचाऱ्याच्या इतर आश्रितांचा सांभाळ करण्याचे लेखी हमीपत्र नेमणुकीच्या वेळी द्यावे लागते. नेमणुकीच्या अटींचा भंग झाल्यास, कारणे दाखवा नोटीस देऊन आणि म्हणणे मांडण्याची संधी देऊन, ही नियुक्ती संपुष्टात आणता येते.