तबल्याच्या बोलावरून पडलेलं नाव

इंडोनेशियात टपरीवर, लग्नाच्या मांडवात जे गाणं हमखास वाजतं, त्याला 'डांगडूट' म्हणतात. तबल्याच्या चालीवर वाजणाऱ्या वाद्याचे हे बोल. सुखवस्तू मंडळींनी गरिबांच्या गाण्याला हिणवण्यासाठी हे नाव दिलं, आणि गरिबांनी ते मिरवलं! मलायी वाद्यवृंद, अरबी सुरावट आणि पन्नाशीच्या दशकात तिकडे लोकप्रिय झालेली आपली हिंदी चित्रपटगीतं, या साऱ्यांतून हे गाणं घडलं.

त्याचा सम्राट ऱ्होमा इरामा. त्याने त्यात इलेक्ट्रिक गिटार आणली आणि 1975 च्या हजयात्रेनंतर गाण्यातून धर्मोपदेश सुरू केला. 1977 च्या निवडणुकीत तो सुहार्तोविरोधी मुस्लिम पक्षाच्या बाजूने उभा राहिला आणि सरकारी दूरचित्रवाणीचं दार त्याला बंद झालं, ते थेट 1988 पर्यंत. पण कॅसेट कोण अडवणार?

पुढे कॅसेटची जागा व्हीसीडीने घेतली. पूर्व जावातल्या पासुरुआनची इनुल दारातिस्ता लग्नाकार्यांत गाई आणि कंबर गिरमिटासारखी फिरवत नाचे. लोकांनी परस्पर चित्रण करून चोरट्या व्हीसीड्या विकल्या आणि स्वतःचा अल्बम निघण्याआधीच ती घराघरांत पोचली. 2003 मध्ये तिच्यावर तुटून पडला तो ऱ्होमाच. एकेकाळी ज्याच्या तोंडावर दार लावलं गेलं, त्यानेच कडी लावायला धावावं! तिच्या बाजूने उभे राहिले ते अब्दुर्रहमान वाहिद, माजी राष्ट्राध्यक्ष आणि नहदतुल उलेमा या प्रचंड धार्मिक संघटनेचे माजी अध्यक्ष. कव्वाली ऐकत वाढलेल्या माझ्यासारख्या मुसलमान कवीला हा वाद घरचाच वाटतो; गाणं हलाल की हराम, हे भांडण आम्हालाही चुकलेलं नाही. मला वाहिदसाहेबांची बाजू पटते.

आणि मग यूट्यूब आलं. 2011 साली सुलावेसी बेटावरच्या गोरोंतालोतला नॉर्मन कामारू हा तरुण पोलीस गणवेशात बसून 'छैंया छैंया'वर ओठ हलवत डोलला. गुलजारांच्या शब्दांवर, रहमानच्या चालीवर. ती चित्रफीत देशभर पाहिली गेली. आधी शिक्षेची भाषा झाली, मग लोकांचं प्रेम पाहून वरिष्ठ नरमले. पण त्याला गायकच व्हायचं होतं. कामावर जाणं त्याने सोडलं, आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरात तो पोलीस दलातून बडतर्फ झाला.